पदरांचा हिशेब



या सदरात एरवी ठेवी, विमा, वारसनोंद, दुकानाचे खाते आणि घराचे खाते वेगळे का ठेवावे, अशा विषयांवर लिहिणे होते. या महिन्याचा विषय आहे टोमॅटो आणि चीज घातलेले खुसखुशीत टार्ट. आयुष्यभर बँकेत खतावण्या तपासणाऱ्याने पाककृती लिहावी, याचे काही वाचकांना नवल वाटेल. परंतु हा पदार्थ आज आपल्या जवळजवळ प्रत्येक घराच्या उंबरठ्यापर्यंत आला आहे, आणि तो आत घ्यावा की बाहेर ठेवावा, हा प्रश्न अखेर तपासणीचाच आहे. कोणती वस्तू कोठून आली, तिच्यात काय मिसळले आणि त्याची खात्री कोणी केली, एवढेच तर हिशेबनिसाला पाहायचे असते.

शिक्षणासाठी पुण्याला, बंगळुरूला गेलेली आपली मुले-मुली तेथे बेकरीच्या काचेआड मांडलेले पॅटिस आणि टार्ट रोज पाहतात. सुटीत घरी आली की तोच पदार्थ मागतात. घरातील वडीलधारी मंडळी एक तर सरळ ‘नको’ म्हणतात, किंवा ‘व्हेज आहे ना, मग आण’ असे म्हणून मोकळी होतात. ही दोन्ही उत्तरे चौकशीवाचून दिलेली असतात. पहिल्या उत्तराने मूल बाहेर जाऊन खाते आणि घरी सांगत नाही. दुसऱ्याने घरचा नियम दुकानदाराच्या शब्दावर सोपवला जातो. म्हणून या पदार्थाची नीट ओळख करून घेऊ.

टार्ट म्हणजे खाली पदर सुटलेल्या पिठाची चौकोनी किंवा गोल बैठक आणि वर उघडे सारण. या पिठाला बेकरीवाले ‘पफ’ म्हणतात. ते आपल्याला मुळीच अनोळखी नाही. चहात बुडवून खाण्याची खारी हे त्याचेच रूप. मुंबईत १९०४ साली सुरू झालेल्या कयानी अँड कंपनीसारख्या इराणी उपाहारगृहांनी आणि नंतर गावोगावच्या बेकऱ्यांनी अशा भट्टीच्या पदार्थांची सवय महाराष्ट्राला लावली. त्याही आधीपासून आपल्या घरांत चिरोटे होतेच. तूप आणि तांदळाची पिठी फेसून केलेला साटा पोळीवर पसरायचा, पोळीवर पोळी ठेवायची, गुंडाळी करून पुन्हा लाटायचे. हे तंत्र आणि फ्रेंच बेकरीचे तंत्र यांचे तत्त्व एकच आहे. कणकेचे दोन थर एकमेकांना चिकटू नयेत म्हणून मध्ये स्निग्ध पदार्थाचा थर घालायचा. भट्टीच्या उष्णतेने कणकेतील पाण्याची वाफ होते, ती वर यायला धडपडते आणि मधला स्निग्ध थर तिला अडवतो. त्यामुळे पदर उचलले जातात. पफच्या पिठात यीस्ट लागत नाही, ते आंबवावे लागत नाही. पाव आणि पिझ्झा यांच्या तुलनेत आपल्या दृष्टीने ही त्याची मोठी जमेची बाजू आहे.

या पदरांचे गणित बँकेतील माणसाला विशेष आवडावे असे आहे. कणकेत लोण्याची एक वडी बंद करून ती लाटतात आणि तिची तीन पदरी घडी घालतात. एका थराचे तीन होतात. पुन्हा लाटून पुन्हा तशीच घडी घातली की नऊ, मग सत्तावीस, एक्याऐंशी, दोनशे त्रेचाळीस. सहाव्या घडीला लोण्याचे ७२९ थर होतात. मुद्दल तेवढेच राहते, वाढ मात्र चक्रवाढ व्याजासारखी होते. प्रत्येक घडीनंतर पीठ गार जागी विसावू दिले पाहिजे. घाई केली, पीठ गरम झाले, की स्निग्ध थर वितळून कणकेत मुरतो आणि सारे पदर एकमेकांत मिसळून जातात. उन्हाळ्यात आपल्या विट्यात तर हे काम भल्या सकाळीच करावे.

आता तपासणीकडे वळू. या पदार्थात चार ठिकाणी थांबून पाहावे लागते.

पहिले ठिकाण म्हणजे पदरांमधील स्निग्ध पदार्थ. घरगुती पाककृतीत तेथे लोणी असते. आपल्या परंपरेत मद्य, मांस, मध आणि लोणी या चार महाविगई सांगितल्या आहेत. ज्या घरांत हा नियम काटेकोर आहे, तेथे लोण्याचा पफ चालत नाही, मग त्या वेष्टनावर कितीही हिरवा ठिपका असो. बाजारू पफमध्ये बहुधा लोणी नसतेच. बेकरीसाठी तयार केलेले मार्जरीन किंवा वनस्पती तूप असते, कारण ते स्वस्त पडते आणि उन्हाळ्यातही लवकर वितळत नाही. त्यात वनस्पतिजन्य तेले घट्ट केलेली असतात. ही घट्ट करण्याची प्रक्रिया अर्धवट झाली की ट्रान्स फॅट तयार होते आणि ते हृदयाला घातक असते. म्हणूनच अन्न सुरक्षा आणि मानके प्राधिकरणाने तेला-तुपांतील त्याची मर्यादा आधी ३ टक्के आणि जानेवारी २०२२ पासून २ टक्के केली. दिवसभर गादीवर बसून व्यापार करणाऱ्या आपल्या समाजाने या आकड्याकडे दुर्लक्ष करू नये.

दुसरे ठिकाण अंड्याचे. पॅटिसच्या पाठीवर जो तपकिरी तजेला दिसतो, तो पुष्कळ बेकऱ्यांत फेटलेल्या अंड्याचा हात फिरवून आणलेला असतो. दुधाचा हात फिरवूनही रंग येतो, थोडा फिका येतो इतकेच. नुसते पाहून हा फरक ओळखता येत नाही, विचारावेच लागते.

तिसरे ठिकाण चीजचे, आणि येथे आपल्यापैकी अनेकांची माहिती अपुरी असते. दूध फाडून चीज करण्यासाठी जो पदार्थ वापरतात त्याला रेनेट म्हणतात. परंपरेने तो दूधपित्या वासराच्या जठराच्या चौथ्या कप्प्यातून काढला जाई, आणि युरोपातील काही प्रकारांत आजही काढला जातो. इटलीच्या पार्मिजानो रेज्जानो या प्रसिद्ध चीजच्या नियमातच वासराचे रेनेट सांगितलेले आहे. तेव्हा परदेशी पाककृतीत ‘वरून पार्मेसान किसून घाला’ असे वाचले, तर तेथे थांबावे. बुरशीसारख्या सूक्ष्मजीवांपासून मिळवलेले रेनेटही असते, आणि भारतात शाकाहारी चिन्हासह विकले जाणारे चीज प्राणिजन्य रेनेटने करता येत नाही. मात्र सूक्ष्मजीवांच्या आधाराने मुरवलेला आणि अनेक दिवस ठेवलेला पदार्थ आपल्याला चालतो का, हा प्रश्न उरतोच. पुष्कळ जैन घरे चीज घेतात, पुष्कळ घेत नाहीत. या लेखात मी दोघांसाठीही मार्ग देणार आहे.

चौथे ठिकाण सारणाचे. टोमॅटोच्या तयार सॉसमध्ये कांदा-लसूण असतो. मसाल्याच्या पुडीतही लसणाची भुकटी असू शकते. खुद्द टोमॅटोही काही घरांत बहुबीज म्हणून वर्ज्य असतो. पुढील कृतीत आपण बिया काढणार आहोत, पण ते सारण ओले होऊ नये म्हणून. ज्यांच्या घरी टोमॅटोचा त्याग आहे, त्यांनी बिया काढल्याने तो चालेल असे समजू नये; आपल्या महाराजसाहेबांना किंवा घरातील व्रती मंडळींना विचारावे. अष्टमी-चतुर्दशीला आणि पर्युषण-दशलक्षणाच्या दिवसांत हिरवी-ताजी भाजी ज्यांची बंद असते, त्यांनी हा पदार्थ इतर दिवसांसाठीच ठेवावा.

येथे हिरव्या ठिपक्याविषयी स्पष्ट लिहिले पाहिजे. हिरव्या चौकटीतील हिरवे वर्तुळ म्हणजे शाकाहारी; मांसाहारासाठी पूर्वी तपकिरी वर्तुळ असे, २०२० च्या नियमांनी त्या जागी तपकिरी त्रिकोण आला. हे चिन्ह उपयोगी आहे आणि ते पाहिलेच पाहिजे. परंतु कायद्याच्या व्याख्येत दूध-दुभते आणि मध हे मांसाहारात मोडत नाहीत, आणि कंदमुळे तर वनस्पतीच आहेत. त्यामुळे बटाटा, कांदा, लसूण, मध, लोणी, यीस्ट या साऱ्यांवर हिरवा ठिपका नियमाप्रमाणेच असतो. कायदा शाकाहाराची हमी देतो. जैन आहाराची हमी त्यात गृहीत धरू नये. बेकरीत सुटा विकला जाणारा माल तर वेष्टनावाचूनच आपल्या हाती येतो.

विटेकरांना हे समजावून सांगण्याची तशी गरज नाही. आपल्या खानापूर-आटपाडी भागातील गलाई व्यावसायिक सोन्या-चांदीच्या शुद्धीकरणासाठी देशाच्या कानाकोपऱ्यात पोहोचले आहेत. झळाळी आणि शुद्धता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि कस लावल्याशिवाय दुसरीचा निर्णय होत नाही, हे या गावाच्या व्यवहारातच मुरलेले आहे. मिठाईवरच्या चांदीच्या वर्खाचेच उदाहरण घ्या. चांदी शुद्ध असे, मिठाई दुधाची असे. पण तो वर्ख प्राण्यांच्या आतड्या-चामड्याच्या पानांमध्ये ठेवून कुटला जाई. ही गोष्ट लोकांनी विचारायला सुरुवात केली, आणि २०१६ मध्ये अन्न सुरक्षा प्राधिकरणाने वर्ख तयार करताना कोणत्याही टप्प्यावर प्राणिजन्य वस्तू वापरण्यास मनाई केली. वर्ख कसा कुटतात हे ज्याला माहीत होते, त्यालाच तो प्रश्न सुचला. टार्टच्या बाबतीतही माझे म्हणणे एवढेच आहे. हा पदार्थ घरी एकदा स्वतःच्या हाताने करून पाहावा. ज्याने तो केला, त्याला बाहेर काय विचारायचे ते कळते.

आता कृती. आमच्या घरी सौभाग्यवती आणि सूनबाई यांनी चिरोट्याच्या साट्यावर हा पफ बसवला. वजनमापे टिपण्याचे काम माझ्याकडे होते. या मापात सुमारे वीस टार्ट होतात.

पिठासाठी २५० ग्रॅम ताजा, चाळलेला मैदा घ्यावा. त्यात अर्धा चमचा मीठ आणि एक मोठा चमचा पातळ तुपाचे मोहन घालून चोळावे. एक चमचा लिंबाचा रस आणि सुमारे १३० मिलिलिटर गार पाणी घालून मऊसर मळावे. लिंबामुळे पीठ ताणले जाते, फाटत नाही. ओल्या फडक्याखाली अर्धा तास झाकून ठेवावे.

साट्यासाठी १५० ग्रॅम घट्ट, रवाळ तूप आणि ५० ग्रॅम तांदळाची पिठी परातीत हाताने फेसून हलके करावे. हा साटा गार करून श्रीखंडाइतका घट्ट करावा. फार पातळ असेल तर तो लाटताना कडेने बाहेर येतो. फार कडक असेल तर तुकडे होऊन पिठाला भोके पाडतो. पीठ आणि साटा यांचा मऊपणा सारखा असावा, यशाचे निम्मे गमक येथेच आहे.

पीठ ४५ सेंटीमीटर लांब आणि १५ सेंटीमीटर रुंद असे लाटावे. त्याच्या दोन-तृतीयांश भागावर साटा पसरावा, कडेला बोटभर जागा सोडावी. कोरा भाग मधल्या भागावर आणि त्यावर उरलेला साट्याचा भाग, अशी तीन पदरी घडी घालावी. कडा दाबून पंचवीस मिनिटे फ्रीजमध्ये ठेवावे. मग घडीची उघडी बाजू समोर घेऊन पुन्हा लांब लाटावे, पुन्हा तीन पदरी घडी, पुन्हा विसावा. पहिली घडी धरून अशा चार घड्या पुरेत. हिशेब करणाऱ्यांसाठी सांगतो: पहिल्या घडीत साट्याचे दोन थर येतात, मग सहा, अठरा आणि शेवटी चोपन्न. तुपात पाणी नसते, म्हणून हा पफ लोण्याच्या पफइतका उंच फुगत नाही. खारी आणि चिरोटा यांच्या मधला खुसखुशीतपणा येतो. ज्यांना लोणी चालते त्यांनी साट्याऐवजी २०० ग्रॅम गार लोण्याची चपटी वडी पिठात बंद करून सहा घड्या घालाव्यात. लोणी खारे असेल तर पिठातले मीठ कमी करावे.

सारणासाठी साधारण ६०० ग्रॅम घट्ट, लालबुंद टोमॅटो घ्यावेत. जाड सालीचे, गराचे टोमॅटो या कामाला उत्तम. जुलै २०२३ मध्ये टोमॅटोने किलोला शंभरी ओलांडली होती आणि काही आठवड्यांतच भाव कोसळले होते, हे व्यापारी वाचकांच्या स्मरणात असेल. भाव उतरलेला असताना हा बेत करावा, शेतकऱ्याचा मालही उठतो. टोमॅटोचे बिया आणि रस काढून पातळ काप करावेत, चिमूटभर मीठ लावून वीस मिनिटे कोरड्या फडक्यावर पसरावेत. हे पाणी निघाले नाही तर टार्टची बैठक ओली आणि कच्ची राहते. चीज चालत असेल तर २०० ग्रॅम किसून घ्यावे. चालत नसेल तर एक लिटर म्हशीचे दूध लिंबाने फाडून त्याच दिवशी ताजे पनीर करावे. सुमारे तेवढेच निघते. ते हाताने मऊ मळून त्यात दोन चमचे ताजी साय, मीठ आणि जाडसर काळी मिरी घालावी. पनीर चीजसारखे वितळत नाही, कारण ते आम्लाने फाडलेले असते. पण साय घातल्याने कोरडे पडत नाही.

पीठ दोन भागांत लाटावे. प्रत्येक भाग ४० बाय १६ सेंटीमीटर लाटून त्यातून ८ सेंटीमीटरचे दहा चौकोन धारदार सुरीने कापावेत. सुरी दाबत ओढू नये, सरळ खाली न्यावी, नाहीतर कडेचे पदर मिटतात. प्रत्येक चौकोनात कडेपासून एक सेंटीमीटर आत सुरीच्या टोकाने हलकी रेघ ओढावी आणि आतल्या भागाला काट्याने टोचे द्यावेत. त्यामुळे कड फुगते आणि मधला भाग सारणासाठी खाली राहतो. मध्ये अर्धा चमचा भाजलेला रवा भुरभुरावा. उरलेला रस तो शोषून घेतो. पनीर घेत असाल तर आता पसरावे. त्यावर टोमॅटोचे दोन काप, ओवा, मिरपूड आणि चिमूटभर हिंग. विकतच्या हिंगात काय मिसळले आहे तेही एकदा वाचावे. कडेच्या माथ्यावर दुधाचा हात फिरवावा, पण कापलेल्या बाजूला दूध लागू देऊ नये, पदर चिकटतात.

ओव्हन २०० अंशांवर चांगला तापवून घ्यावा, ताटलीही आतच तापू द्यावी. पंधरा मिनिटे भाजल्यावर चीज घालायचे असेल तर तेव्हा घालावे आणि आणखी आठ-दहा मिनिटे ठेवावे. कड बदामी रंगाची आणि तळ कोरडा झाला की टार्ट तयार. एका टार्टमध्ये जेमतेम आठ ग्रॅम तूप येते. दोन खावेत, तिसऱ्याला हात लावताना विचार करावा. हा सल्ला माझा नाही, सौभाग्यवतींचा आहे.

ज्यांच्याकडे ओव्हन नाही त्यांनी नानकटाईप्रमाणे जाड बुडाच्या कढईत मीठ तापवून, त्यावर जाळी ठेवून थोडे थोडे भाजावेत. दिवाळीत बेकरीच्या भट्टीतून नानकटाई भाजून आणण्याची पद्धत आपल्याकडे आहे. टार्टसाठी तसे करायचे झाल्यास आपली ताटली आणि आपला कागद घेऊन जावा. भट्टी सामाईक असते, तेथील पत्र्यावर आधी काय भाजले गेले ते आपल्याला माहीत नसते.

वेळेचाही हिशेब आहे. सकाळी सातला सुरुवात केली तर अकरापर्यंत गरम टार्ट ताटात येतात. पीठ रात्रभर ठेवण्याची गरज पडत नाही, आणि पदार्थ त्याच दिवशी संपतो. संध्याकाळी करायचे असेल तर डिसेंबरात आपल्याकडे सहाच्या सुमारास सूर्यास्त होतो, हे ध्यानात ठेवून दुपारी एकलाच पीठ मळायला घ्यावे.

शेवटी आपल्या समाजातील ज्या भगिनी घरून असे पदार्थ करून विकतात, त्यांच्यासाठी दोन शब्द. अन्न सुरक्षा खात्याकडे नोंदणी करणे हे पहिले काम. दुसरे असे की, खोक्यावर ‘जैन’ हा शब्द छापणे म्हणजे हुंडीवर सही करण्यासारखे आहे; समोरचा त्या सहीवर विश्वासून आपल्या व्रताचा भार तुमच्यावर टाकतो. म्हणून त्या शब्दाखाली खुलासा करावा: स्निग्ध पदार्थ तूप की लोणी, चीज की ताजे पनीर, अंडे नाही, कांदा-लसूण नाही, बनवल्याची तारीख आणि वेळ. एवढा तपशील लिहायला दोन ओळी लागतात.

आणि ज्यांची मुले परगावी आहेत, त्यांनी पुढच्या सुटीत त्यांना हे टार्ट खाऊ घालण्याआधी घड्या घालायला बसवावे. तूप का, चीज कशाने होते, ठिपक्यावर काय असते आणि काय नसते, हे चार घड्यांच्या मधल्या विसाव्यात सहज बोलून होते. मग ते मूल पुण्याच्या बेकरीत उभे राहिले तर काय विचारायचे ते त्याला ठाऊक असेल, आणि उत्तर समाधानकारक नसेल तर तेथून रिकाम्या हाताने परतण्याचे कारणही त्याला कोणी बाहेरून सांगावे लागणार नाही.